कच्च्या कैदेचा मुजरा

ऋणकोने मुदतीआधी आणून दिलेली रक्कम सावकाराने वहीत त्याच्या नावे जमा केली नाही आणि पुढे पुऱ्या मुद्दलाचा तगादा लावला, तर वऱ्हाडातले कोणतेही गाव त्याला लबाडी म्हणेल; मग रकमेच्या जागी माणसाचे दिवस घालून हीच गोष्ट सरकारने पाऊणशे वर्षे कायद्याच्या आधाराने करावी, याचा विषाद वाटल्यावाचून राहत नाही. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत, खटला चालू असताना भोगलेली कच्ची कैद पुढे पक्क्या कैदेतून मुजरा द्यावी, असा शब्द नव्हता. शिक्षेची मोजणी निकालाच्या दिवसापासून होई. आधीचे दिवस चार असोत की चारशे, ते हिशेबाबाहेर. एखादा सहृदय न्यायाधीश ते ध्यानी घेऊन शिक्षाच हलकी करी, पण ती मेहेरबानी होती, हक्क नव्हता.

हा कायदा ज्या काळात निर्वेध चालला त्या काळात वाशीम, जुन्या दप्तरातले बाशीम, निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आलेल्या वऱ्हाडातला प्रथम एक स्वतंत्र जिल्हा होते. १९०५ साली तो जिल्हा मोडून त्याचा मोठा भाग अकोल्यात विलीन झाला आणि १ जुलै १९९८ रोजी तो जिल्हा वाशीम, रिसोड, मालेगाव, मंगरूळपीर, कारंजा व मानोरा या सहा तालुक्यांनिशी पुन्हा उभा राहिला. अंमल बदलले, कचेऱ्या हलल्या. कच्च्या कैद्याचे दिवस मात्र १९७४ पर्यंत तसेच बेहिशेबी राहिले.

लोकमान्यांना २४ जून १९०८ रोजी अटक झाली व २२ जुलैला सहा वर्षांची शिक्षा झाली; मधला महिना, जामीन नाकारल्यामुळे, कोठडीतच गेला. एका महिन्याचे काय, असे कोणी म्हणेल, म्हणून मीरतचा खटला पाहावा. कम्युनिस्ट पुढारी श्रीपाद अमृत डांगे आणि त्यांचे सहकारी २० मार्च १९२९ रोजी धरले गेले आणि निकाल लागला जानेवारी १९३३ मध्ये. म्हणजे जवळजवळ पावणेचार वर्षे हे लोक आरोपीच होते. डांग्यांना बारा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा झाली, ती त्याच वर्षी अलाहाबादच्या उच्च न्यायालयाने तीन वर्षांवर आणली. तीन वर्षांची शिक्षा आणि तिच्याआधीच भोगलेली पावणेचार वर्षे! आजचा नियम तेव्हा असता तर अपिलाचा निकाल ऐकताच त्यांना घरी जाता आले असते. प्रत्यक्षात त्यांची सुटका १९३५ साली झाली.

१८९८ च्या संहितेच्या जागी येणाऱ्या नव्या संहितेच्या मसुद्यावर विचार करणाऱ्या संसदेच्या संयुक्त समितीला हीच विपरीतता खटकली: काहींना अखेर होणारी शिक्षा त्यांनी आधीच काढलेल्या कैदेच्या एका अंशाइतकीच असते, असे तिने खेदाने नमूद केले. त्यातून कलम ४२८ आले आणि १ एप्रिल १९७४ पासून, त्याच गुन्ह्याच्या तपासात, चौकशीत वा खटल्यात गेलेली कैद शिक्षेतून वजा होऊ लागली. संहिता येण्यापूर्वी ज्यांना शिक्षा झाली होती, पण जे अद्याप ती भोगत होते, त्यांनाही हा लाभ आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने लवकरच ठरवले. दंड न भरल्याबद्दलच्या कैदेला मात्र १९७८ च्या दुरुस्तीने यातून वगळले.

खरा पेच पडला तो जन्मठेपेचा. जिला अंत नाही अशा शिक्षेतून काही वजा करायचे तरी कसे, हा युक्तिवाद वरवर बिनतोड होता आणि १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने तो मान्यही केला. तीनच वर्षांनी, भगीरथ विरुद्ध दिल्ली प्रशासन या खटल्यात, घटनापीठाच्या वतीने सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड यांनी तो खोडून काढला: सरकार जेव्हा जन्मठेपेत सूट देते तेव्हा ती शिक्षा वर्षांत मोजली जातेच, आणि जे मोजता येते त्यातून वजाही करता येते. मला हा निकाल आपल्या न्यायशास्त्रातील अत्यंत मानवी निकालांपैकी एक वाटतो, कारण ज्यांना सर्वांत दीर्घ कैद भोगायची त्यांनाच मुजऱ्यातून वगळण्याची कठोरता त्याने संपवली. पुढे २००१ साली महाराष्ट्र सरकारच्याच अपिलात, एकाच वेळी दोन खटल्यांत कच्च्या कैदेत असलेल्याला दोन्हींत वजावट मिळते, असा निर्णय झाला.

परंतु हक्क कलमात असतो आणि दिवस कागदांत. निकालपत्राच्या शेवटी, शिक्षेच्या परिच्छेदाखाली एक ओळ असते: आरोपी अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंत अटकेत होता, तो काळ वजा द्यावा. समजा, अटक १० मार्चची आणि जामीन २५ मेचा. दोन्ही दिवस धरून सत्त्याहत्तर. हा आकडा न्यायालयातला कारकून रिमांडचे कागद आणि रोजनामा चाळून काढतो, वजावटीच्या दाखल्यावर लिहितो, आणि तो दाखला शिक्षेच्या वॉरंटासोबत तुरुंगात जातो. मेचा एप्रिल झाला तर एका माणसाचा एक महिना एका अक्षरात बुडतो. कैद्याने तो आकडा आपल्या बोटांवर पुनःपुन्हा मोजलेला असतो. पण दाखला वाचून पाहण्याइतके अक्षर त्याच्याजवळ असतेच असे नाही.

१ जुलै २०२४ रोजी, म्हणजे वाशीम जिल्ह्याच्या सव्विसाव्या वाढदिवशी, नवी नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली. कलम ४२८ चे तीत कलम ४६८ झाले. जन्मठेपेची किंवा देहान्ताची शिक्षा नसलेल्या गुन्ह्यांत, कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ कच्च्या कैदेत काढलेल्या, पूर्वी कोणत्याही गुन्ह्यात दोषी न ठरलेल्या आरोपीला सोडण्याची तरतूदही तीत आली. ती स्वागतार्ह आहे. तथापि जामीन मंजूर होऊनही ज्याच्यासाठी सातबारा आणि ऐपतीचा दाखला घेऊन उभा राहणारा जामीनदार मिळत नाही, त्या शेतमजुराचे दिवस वाढतच राहतात.

आणि जो निर्दोष ठरतो त्याचे काय? मुजरा शिक्षेतून, शिक्षाच नाही तर वजा कशातून करायचे? कायदा आयोगाने २०१८ च्या अहवालात अन्याय्य खटल्यांना बळी पडलेल्यांसाठी नुकसानभरपाईची शिफारस केली, नव्या संहितेत ती तरतूद आली नाही. मृग निघताना धरलेला माणूस दिवाळीनंतर सुटून रिसोडकडच्या आपल्या गावी परततो, तेव्हा सोयाबीन निघून गेलेले असते, वावरात हरभरा पेरलेला असतो, आणि त्या हंगामाची मजुरी दुसऱ्या कुणाच्या घरी गेलेली असते.