कारखान्याने दिलेले नाव

दिवाळीनंतर भंडारा जिल्ह्यात गावोगावी मंडई भरते. लाखनीच्या आसपासच्या रात्री तेव्हा दंडार आणि खडी गंमत यांनी जागत्या होतात. ओळखीच्या माणसाची नक्कल सुरू झाली, की हशा पिकतो. कारण ज्याची नक्कल होते, तो अनेकदा समोरच बसलेला असतो. घरोघरी पोहोचलेल्या एका विनोदवीराचे नाव अशाच हशातून जन्मले. फरक इतकाच, की तेथे गावाऐवजी कारखाना होता.

जॉनी लिव्हर यांचे मूळ नाव जॉन प्रकाश राव जनुमला. १४ ऑगस्ट १९५७ रोजी आंध्रात जन्मलेले हे तेलुगुभाषक कलावंत वाढले मुंबईच्या धारावीत. घरच्या ओढगस्तीमुळे सातवीतच शाळा सुटली. रस्त्यावर पेन विकताना ते नटांच्या आवाजात गिऱ्हाइकांना साद घालीत. पुढे वडिलांप्रमाणे तेही हिंदुस्थान लिव्हरमध्ये कामगार झाले. कंपनीच्या एका कार्यक्रमात त्यांनी वरिष्ठ अधिकाऱ्यांच्या हुबेहूब नकला केल्या आणि खूश झालेल्या कामगारांनी त्यांचे बारसेच करून टाकले. एरवी कलावंत टोपणनाव स्वतः निवडतो. हे मात्र सहकाऱ्यांनी बहाल केले.

नाव मिळाले, तरी नोकरीवर पाणी सोडणे सोपे नव्हते. महिन्याचा ठरलेला पगार हाच कामगार कुटुंबाचा आधार असे. तरीही कार्यक्रमांची मागणी वाढताच १९८१ मध्ये त्यांनी कारखाना सोडला. कल्याणजी-आनंदजी यांच्यासोबतच्या दौऱ्यांनी रंगमंचावर जम बसला. १९८२ च्या ‘दर्द का रिश्ता’मुळे चित्रपटाचे दार उघडले, तर १९९३ च्या ‘बाजीगर’ने लोकप्रियतेवर शिक्कामोर्तब केले. ‘दीवाना मस्ताना’ आणि ‘दुल्हे राजा’साठी फिल्मफेअर पुरस्कार मिळाले. २००६ मध्ये झी टीव्हीने त्यांच्यासाठी आखलेल्या कार्यक्रमाच्या शीर्षकातही हेच नाव झळकले: ‘जॉनी आला रे’. हिंदी वाहिनीवरील या शीर्षकाला ‘आला रे’ हा अस्सल मुंबईचा मराठी पुकारा शोभून दिसला.

पुढच्याच वर्षी, २००७ मध्ये, कंपनीने नाव बदलले आणि हिंदुस्थान लिव्हरची हिंदुस्थान युनिलिव्हर झाली. जॉनी यांचे नाव मात्र तसेच राहिले. आता त्यांची मुले जेमी आणि जेसी हेही ‘लिव्हर’ म्हणूनच ओळखले जातात. कामगारांनी थट्टेत दिलेले नाव असे एका घराण्याचे आडनाव झाले.