जामची गाठ पेक्टिनशी

‘हंगामात महाबळेश्वरहून आणलेली स्ट्रॉबेरी फ्रीजरमध्ये ठेवली होती. तिचा जाम पातळच राहिला. फळ बिघडलं होतं का?’ असा प्रश्न एका वाचक भगिनींनी विचारला आहे.

फळ बिघडलेलं नव्हतं. काठोकाठ भरलेली काचेची बाटली फ्रीजरमध्ये तडकते, तसंच काहीसं स्ट्रॉबेरीच्या पेशींचं होतं. घरच्या फ्रीजरमध्ये फळ सावकाश गोठतं, त्यामुळे बर्फाचे स्फटिक मोठे होतात आणि पेशीभित्तिका फाडतात. म्हणून बाहेर काढलं की फळ मऊ पडतं, रस सुटतो. जामसाठी हे सोयीचंच. ठेचायचे कष्ट वाचतात. अडचण पुढे आहे. फळ तासन्‌तास ओट्यावर वितळत ठेवलं, तर फाटलेल्या पेशींतली मोकळी झालेली विकरं पेक्टिनची मोडतोड करतात. जाम घट्ट होतो तो पेक्टिनमुळे, आणि स्ट्रॉबेरीत ते मुळातच कमी.

पेक्टिनचं श्रेय आँरी ब्राकोनो या फ्रेंच शास्त्रज्ञाला देतात. १८२५ साली त्यानेच ते नावारूपाला आणलं. माणूस मोठाच, अळंब्यांतून कायटिन काढणाराही तोच. पण त्याच्या ३५ वर्षं आधी, १७९० मध्ये, लुई निकोला वोकलँला हा जेलीसारखा पदार्थ सापडला होता, आणि तोही कशात? चिंचेत! क्रोमियमचा शोधक म्हणून वोकलँ पुस्तकांत भेटतो, ही चिंचेची हकिगत मात्र क्वचितच. आमटीत कोळ घालणाऱ्यांनी तरी ती विसरू नये.

पेक्टिनचे लांबलचक रेणू ऋणभारित असल्याने एकमेकांना दूर ढकलतात. लिंबाचं आम्ल हा भार घटवतं, साखर पाणी ओढून घेते, मग रेणूंचं जाळं जमतं. ‘कमी साखरेचा हेल्दी जाम’ म्हणूनच सहजी जमत नाही. तयार जाममधली साधारण ६५ टक्के साखर केवळ गोडीसाठी नसते.

थर्मामीटर वापरणाऱ्यांसाठी एक गंमत. जाम १०४-१०५ अंश सेल्सियसला तयार होतो, हा हिशेब समुद्रसपाटीचा. सुमारे १,३५० मीटर उंचीवरच्या महाबळेश्वरात पाणीच ९५-९६ अंशांना उकळतं, त्यामुळे तिथे जाम शंभराच्या आसपास उतरवावा. १०५ची वाट पाहिली तर तो चमच्याने खणावा लागेल!

तेव्हा स्ट्रॉबेरी गोठलेलीच पातेल्यात घाला, लिंबू पिळा, हाताशी असेल तर थोडा कच्चट पेरू किसून टाका. त्यात पेक्टिन भरपूर असतं. गार ताटलीवर थेंब टाकून बोटाने सरकवा. सुरकुती पडली की गॅस बंद. पातळ राहिलेला जामही टाकू नका, लिंबू पिळून पुन्हा आटवा.