डर्ट रॅली २.० : भाषा आणि चित्रणाची तजवीज

२०१९ साली निघालेल्या ‘डर्ट रॅली २.०’ या खेळात, २००३ साली पेटर सोल्बर्गसमवेत जागतिक रॅली अजिंक्यपदाचे मानकरी ठरलेले सहचालक फिल मिल्स यांच्या इंग्रजी आवाजातील वळणांची पूर्वसूचना ज्यांस ऐकावयाची असेल, त्यांनी स्टीम या संगणक-खेळांच्या मंचावरील आपल्या लायब्ररीत खेळाच्या नावावर उजवे क्लिक करून प्रॉपर्टीजमधील भाषेच्या रकान्यात इंग्रजी निवडावी. (मराठी त्या यादीत नाही, असती तर ‘डावे चार, आतून कापू नका’ ऐकून निदान मला तरी हसू आवरले नसते.) चित्रणाच्या (ग्राफिक्सच्या) सेटिंग्जमध्ये मात्र सावल्या, आरसे व प्रेक्षकांची गर्दी यांत निःसंकोच काटकसर करावी, कारण धुळीच्या रस्त्यावर दृश्याच्या वैभवापेक्षा त्याचे सातत्य अधिक मोलाचे. फेरफार अंगलट येऊन खेळच सुरू होईनासा झाल्यास डॉक्युमेंट्समधील ‘माय गेम्स’च्या दप्तरातून हार्डवेअर सेटिंग्जची फाइल अन्यत्र हलवावी, खेळ नवी फाइल स्वतःच तयार करतो.