आभासी अवयव, खरी वेदना

प्रस्तावना

अपघात, मधुमेह किंवा युद्ध यांमुळे हात अथवा पाय गमावलेल्या बहुतेक व्यक्तींना तो अवयव जागेवरच आहे असे जाणवत राहते. त्यांपैकी अनेकांना नसलेल्या तळव्यात आग होते, कळा येतात, बोटे आखडल्यासारखी वाटतात. फ्रेंच शल्यविशारद आंब्रुआझ पारे यांनी सोळाव्या शतकातच या वेदनेची नोंद केली होती. अमेरिकी यादवी युद्धातील जखमींवर उपचार करणाऱ्या सायलस वेअर मिचेल यांनी १८७१ मध्ये अशा अवयवाला 'फँटम लिंब' हे नाव दिले. त्यास मराठीत 'आभासी अवयव' म्हणता येते. मात्र आभासी असतो तो अवयव, वेदना नव्हे.

कारणमीमांसा

छेदलेल्या मज्जातंतूंच्या टोकांशी गाठी निर्माण होतात व त्यांतून मेंदूकडे संदेश जात राहतात. शिवाय मेंदूत शरीराचा जणू एक नकाशाच असतो. हात गेला, तरी नकाशातील त्याची जागा पुसली जात नाही. या नकाशात हाताशेजारी चेहरा येतो. चेहऱ्याला स्पर्श केल्यास काही रुग्णांना तो नसलेल्या हातावर जाणवतो, असे व्ही. एस. रामचंद्रन यांना आढळले. शेजारचा भाग रिकाम्या जागेत शिरतो, हे त्यांचे स्पष्टीकरण. परंतु हाताचा मूळ नकाशा अनेक वर्षे टिकून राहतो, असे अलीकडचे संशोधन दर्शविते. हा वाद अद्याप मिटलेला नाही.

उपचार

रामचंद्रन यांनी १९९० च्या दशकात आरशाची पेटी वापरली. शाबूत हाताचे प्रतिबिंब नसलेल्या हाताच्या जागी दिसते. तो हात उघडला, की आखडलेली आभासी मूठही सैल झाल्याचे काहींना जाणवते. हा उपाय सर्वांनाच लागू पडतो असे नाही. गॅबापेंटिनसारखी औषधे, नैराश्यावरील काही औषधे, कृत्रिम अवयवाचा नियमित वापर आणि छेदलेले मज्जातंतू जवळच्या स्नायूंना जोडण्याची शस्त्रक्रिया, हे अन्य मार्ग होत.

समारोप

वेदना मोजणारे यंत्र नाही. रुग्णाचे शब्द हाच तिचा पहिला पुरावा. 'पायच नाही, तर दुखतो कसा?' या प्रश्नापुढे रुग्ण गप्प होतो आणि उपचार लांबतात. 'भास' हा शब्द म्हणूनच जपून वापरावा.

स्वयं-अध्ययनासाठी प्रश्न

'आभासी अवयव' आणि 'आभासी वेदना' या संज्ञांतील अर्थभेद सोदाहरण स्पष्ट करा.