अहमदनगरची छावणी आणि विद्यार्थ्यांचा शोध

छत्रपती संभाजीनगरच्या ज्या विद्यार्थ्यांना महायुद्धाचा इतिहास आपल्या परिसरांत शोधावयाचा आहे, त्यांना फार दूर जावें लागणार नाहीं. पुण्याच्या वाटेवर अहमदनगर लागतें. २०२४ पासून त्याचें नांव अहिल्यानगर झालें आहे. १९१४ च्या युद्धांत जर्मन व ऑस्ट्रियन लोकांसाठीं तेथें छावणी होती, आणि १९३९ मध्यें सरकारनें पुन्हा तोच मार्ग धरला.

शोधाचा आरंभ मात्र 'कैदी' या शब्दापासून करावा. आपण तो सरसकट वापरतों आणि तेथेंच घोटाळा होतो. रणांगणावर पकडलेला सैनिक हा युद्धकैदी. त्याला १९२९ च्या जिनीव्हा कराराचें संरक्षण होतें. छावणींतील व्यापारी व मिशनरी यांनीं शस्त्र धरलें नव्हतें. शत्रुराष्ट्राचे नागरिक एवढ्याच कारणानें ते स्थानबद्ध झाले. अशा नागरिकांसाठीं स्वतंत्र करार व्हावयास १९४९ साल उजाडलें. नंगा पर्वतावरील मोहिमेसाठीं आलेला हाइनरिख हारर अहमदनगर, देवळाली व डेहराडून असा फिरला आणि १९४४ मध्यें तिबेटकडे निसटला, हें पुष्कळांना ठाऊक असतें. पण हिटलरच्या छळामुळें हिंदुस्थानांत आश्रयास आलेले ज्यूही त्या धरपकडींत सांपडले, हें क्वचितच कोणी सांगतो. पारपत्र जर्मन, म्हणून शत्रू! चौकशीनंतर अनेकांची सुटका झाली खरी. तरी ज्यांच्या भीतीनें देश सोडला, त्यांच्याच अनुयायांशेजारीं खाट मिळावी, ही विटंबना सरकारी आंकड्यांत दिसत नाहीं.

तिसरा वर्ग किल्ल्यांतला. ऑगस्ट १९४२ मध्यें नेहरू, आझाद, वल्लभभाई, शंकरराव देव आदि बारा नेते तेथें खटल्यावांचून डांबले गेले. नेहरूंच्या ग्रंथामुळें किल्ल्याची आठवण राहिली. छावणीला असा ग्रंथकार लाभला नाहीं.

आतां कागदांविषयीं. युद्धकाळीं औरंगाबाद निजामाच्या राज्यांत होतें, अहमदनगर मुंबई इलाख्यांत. म्हणून हैदराबादच्या दप्तरांआधीं मुंबईचें पुराभिलेखागार गांठावें. हिंदुस्थान सरकारच्या गृहखात्याचीं कागदपत्रें दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारांत आहेत, आणि रेड क्रॉसच्या प्रतिनिधींनीं छावण्यांना दिलेल्या भेटींचे अहवाल जिनीव्हास. ते वाचतांना सावध असावें. पाहुणे येणार त्या दिवशीं स्वयंपाकघर नेहमींपेक्षां स्वच्छ असतें. स्थानबद्धांचीं पत्रेंही टपाल-तपासनिसाच्या नजरेखालून गेलेलीं, म्हणून त्यांतील तक्रार जपून लिहिलेली असावयाची. सरकारी यादी, अहवाल आणि पत्र हीं शेजारीं ठेवून विद्यार्थ्यानें प्रथम एकाच माणसाचा अटकेपासून सुटकेपर्यंतचा मार्ग तारीखवार जुळवावा.