बोटे आपली, करवत मालकाची

रांजणगावच्या किंवा कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतीतून निघणारा जड माल पुष्कळदा लाकडी पॅलेटवर बसून किंवा लाकडी खोक्यात बंद होऊन जातो. परदेशी जाणाऱ्या मालाचे लाकूड आधी ५६ अंश सेल्सिअसला ३० मिनिटे तापवावे लागते आणि त्यावर तसा शिक्का लागतो. लाकडातली कीड दुसऱ्या देशात जाऊ नये, एवढी काळजी जग घेते. ते लाकूड चिरणाऱ्या माणसाच्या बोटांची काळजी कोण घेतो, हा प्रश्न मात्र शिरूर-दौंडकडच्या वखारीत, पॅलेटच्या शेडमध्ये आणि फर्निचरच्या दुकानात आपल्यालाच विचारावा लागतो. कारण तिथे गोल करवतीवर उभी असतात ती आपल्यासारख्यांच्या घरची मुले.

ही करवत म्हणजे लोखंडी टेबलाच्या फटीतून वर आलेले गोल पाते. दहा इंची पाते मिनिटाला ४००० फेरे घेत असेल, तर त्याच्या दाताचा वेग ताशी १९० किलोमीटरच्या घरात जातो. हात मागे घ्यायला वेळच मिळत नाही. पण नवख्या माणसाला वाटते तसा धोका फक्त पुढून नसतो. पात्याचे पुढचे दात लाकूड खाली दाबतात, तर मागचे दात खालून वर येतात. चिरलेले लाकूड आतल्या ताणाने मिटले आणि त्याने पाते चिमटीत धरले, की हे मागचे दात लाकूड उचलून कारागिराच्या अंगावर फेकतात. लाकूड पोटात बसते आणि त्याच झटक्यात ते ढकलणारा हात पात्यावर जातो. ओल्या किंवा गाठाळ बाभळीत हे फार घडते.

यावरचा पहिला उपाय जुना आणि स्वस्त आहे. पात्याच्या मागे, त्याच्याच रेषेत एक उभी पोलादी पट्टी बसवतात. तिला रिव्हिंग नाइफ म्हणतात. ती चिरलेले लाकूड मिटू देत नाही. आपल्याकडच्या कारखाने नियमांत ही पट्टी, पात्यावरचे झाकण आणि लाकूड ढकलायची काठी या तिन्ही गोष्टी लिहिलेल्या आहेत. टेबलाच्या पातळीवर पट्टी आणि पात्याचे दात यांच्यात १० मिलिमीटरपेक्षा जास्त अंतर नसावे, इथपर्यंत तपशील आहे. आता तुमच्या ओळखीच्या कोणत्याही शेडमध्ये जाऊन बघा. झाकण कोपऱ्यात धूळ खात पडलेले असते, पट्टी कुणी पाहिलेलीच नसते. मजुरी नगावर असली की माणूस स्वतःच झाकण काढून ठेवतो, कारण ते आडवे येते. दोष त्या माणसाला देणे सोपे आहे. नगाचा भाव कोणी ठरवला, हे आधी विचारावे.

दुसरा उपाय म्हणजे पॉवर फीडर. मोठ्या कारखान्यांत तो असतो, लहान शेडमध्ये क्वचित दिसतो. टेबलाला घट्ट बसवलेल्या खांबावर एक आडवा हात, त्याच्या टोकाला लहान मोटरची पेटी आणि पेटीखाली ओळीने तीन किंवा चार रबरी चाके, असे त्याचे रूप. चाके लाकूड वरून दाबतात आणि एकाच वेगाने पुढे नेतात. कारागिराने फळीचे टोक चाकाखाली द्यायचे आणि हात काढून घ्यायचा, एवढेच काम उरते. चाकांची पकड असल्याने लाकूड सहसा उलटे फेकले जात नाही. पेटी पात्याच्या वर-बाजूला येत असल्याने हात तिथे पोहोचतही नाही.

मालक फीडर घेतो तो हातासाठी नाही, मालासाठी. एकसारख्या वेगाने चिरलेली फळी साफ निघते, जळून काळी पडत नाही आणि दिवसाचे नग वाढतात. घेऊ द्या त्याला त्याच कारणासाठी! आपले बोट त्यात वाचत असेल तर कारण कोणते, यावर वाद कशाला?

फीडरमुळे आणखी एकाचा जीव सुटतो, तो म्हणजे करवतीच्या मागे उभे राहून फळी ओढणारा मदतनीस. पुष्कळदा तो कोवळा पोरगा असतो, नाहीतर भुसा आणि तुकडे उचलणारी बाई. लाकूड अडकून उलट गेले तर त्याला धरलेला हात सरळ पात्यात ओढला जातो. फीडर असेल तर मागून ओढायची गरजच राहत नाही. नेमके हे काम मात्र ‘हलके’ म्हणून कमी मजुरीला दिले जाते.

तरी फीडर म्हणजे जादू नव्हे. तो चुकीचा बसवला तर फळी वाकडी जाते. चाके फळीच्या जाडीपेक्षा सुमारे ३ मिलिमीटर खाली ठेवावी, म्हणजे पकड येते. पेटी किंचित तिरकी ठेवावी, म्हणजे फळी बाजूच्या सरळ गाइडला चिकटून चालते. चाक पात्याच्या बरोबर वर येऊ देऊ नये, नाहीतर रबर कापले जाते. ही सारी जुळवाजुळव वीज बंद करूनच करावी. चाकांमधल्या अंतरापेक्षा आखूड तुकडे आणि अगदी अरुंद पट्ट्या फीडरवर घालू नयेत, त्यांना ढकलकाठीच बरी. आणि महत्त्वाचे म्हणजे फीडर लावला म्हणून मागची पोलादी पट्टी काढू नये. चाकाखाली गेलेले लाकूड हाताने सरळ करायला जाऊ नये, कारण फीडर हातालाही लाकडासारखाच पुढे नेतो. सैल बाह्या, मफलर, हातमोजे घालून या यंत्रावर काम करू नये.

कायद्याचे काय? बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर सदस्य असताना, १९४६ साली, कारखान्यातले आठवड्याचे तास ५४ वरून ४८ वर आले. थकलेला हात चुकतो, हे करवतीवर काम करणाऱ्याला सांगावे लागत नाही. १९४८ च्या कारखाने कायद्याने १८ वर्षांखालील मुलाला धोका समजावल्याशिवाय आणि पुरेसे शिकवल्याशिवाय किंवा देखरेख ठेवल्याशिवाय धोकादायक यंत्रावर उभे करायला मनाई केली. पण विजेवर चालणाऱ्या कारखान्याला हा कायदा लागू होई तो १० कामगार असतील तर. २०२० च्या संहितेत तो आकडा २० झाला. चार-पाच माणसांची शेड त्यातून निसटते. म्हणून दहावी-बारावीच्या सुटीत मुलगा करवतीवर जाऊ लागला, तर आईवडिलांनी एकदा स्वतः जाऊन झाकण आणि पट्टी आहे का, हे पाहून यावे. यात लाजण्यासारखे काही नाही.

नुकसानभरपाईचा हक्क मात्र लहान शेडमधल्या कामगारालाही आहे. १९२३ च्या भरपाई कायद्याच्या तक्त्यात अंगठा गेला तर ३० टक्के, तर्जनी पूर्ण गेली तर १४ टक्के आणि एका हाताची चारही बोटे गेली तर ५० टक्के कमाईची हानी धरली होती. वय २५ आणि पगार महिना १२ हजार धरला, तर त्या सूत्राने अंगठ्याचे सुमारे ४ लाख ६८ हजार रुपये होतात. ‘दवाखान्याचे बिल भरतो, वर दहा हजार देतो, कागदावर सही कर’ असे कोणी म्हणाले तर हा आकडा आठवावा. हा कायदा आता २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत घेतला आहे. भरपाईचा अर्ज दोन वर्षांच्या आत करायचा असतो. हजेरीची नोंद, पगाराची चिठ्ठी, मोबाईलवर आलेली रक्कम, सोबत्यांची साक्ष, जे असेल ते जपून ठेवावे.

आणि अपघात झालाच तर जखमेवर स्वच्छ कापड घट्ट दाबून हात वर धरावा. तुटलेले बोट भुशातून शोधून काढावे, टाकून देऊ नये. ते ओलसर स्वच्छ फडक्यात गुंडाळून प्लॅस्टिकच्या पिशवीत बंद करावे आणि ती पिशवी बर्फात ठेवावी. बोटाला बर्फ थेट लावू नये, नुसत्या पाण्यातही बुडवू नये. शिरूरहून काय किंवा दौंडहून काय, पुणे सत्तर-ऐंशी किलोमीटर आहे. गावच्या दवाखान्यात रक्त थांबवून तिथूनच बोट जोडणाऱ्या डॉक्टरांच्या इस्पितळाला फोन लावायला सांगावे आणि लगेच निघावे.