देसिलू : निगेटिव्हची मालकी

ऐंशीच्या दशकात रविवारी सकाळी दूरदर्शनवर ‘स्टार ट्रेक’ लागत असे. टोकदार कानांचा स्पॉक आणि ते यान एवढेच त्या वयात लक्षात राहिले. शेवटच्या नामावलीकडे कोण बघतो! ‘आय लव्ह ल्यूसी’ मी पाहिली ती फार नंतर, डीव्हीडीवर. १९५१ सालची कृष्णधवल मालिका, पण चित्र इतके स्वच्छ की मला शंकाच आली. त्या काळच्या टीव्हीची इतर जुनी चित्रे धुरकट असतात. मग हीच अशी कशी? उत्तर शोधताना कळले, की या दोन्ही मालिका एकाच कंपनीच्या. देसिलू. देसी आर्नाझ आणि ल्यूसिल बॉल या दांपत्याच्या नावांचा समास.

कंपनी निघाली १९५० साली. अमेरिकन बाईचा क्यूबन नवरा प्रेक्षकांना रुचेल का, अशी सीबीएस या वाहिनीला धास्ती होती. म्हणून दोघांनी गावोगाव रंगमंचावर प्रयोग करून दाखवले. लोक हसले, प्रश्न मिटला. दुसरा प्रश्न मात्र अवघड होता. तेव्हाचे बहुतेक मोठे कार्यक्रम न्यूयॉर्कहून थेट प्रक्षेपित होत. दूरच्या शहरांसाठी टीव्हीच्या पडद्यावरचे चित्रच फिल्म कॅमेऱ्याने टिपून पाठवत. ते अर्थातच अंधूक. प्रायोजक फिलिप मॉरिस ही सिगारेट कंपनी. तिचा बहुसंख्य ग्राहक पूर्वेकडे, त्यामुळे तिला न्यूयॉर्क हवे होते. या दोघांना हॉलिवूडमधले घर सोडायचे नव्हते. तोड निघाली ती अशी : मालिका सरळ ३५ मिलिमीटर फिल्मवर चित्रित करायची, म्हणजे देशभर सारखेच चित्र दिसेल.

खर्च वाढला. आर्नाझने पुढे सांगितलेल्या हकिकतीनुसार त्याने आठवड्याचे मानधन हजार डॉलरने कमी करून घेतले आणि मोबदल्यात फिल्मची संपूर्ण मालकी मागितली. ती सहज मिळाली. एकदा दाखवलेला कार्यक्रम म्हणजे कालचे वर्तमानपत्र, असा तेव्हाचा हिशेब; रद्दी कोण जपून ठेवणार?

चित्रीकरणाची रीत मला स्वतःला सर्वांत रंजक वाटते. सिनेमात प्रत्येक शॉटला दिवे बदलतात. इथे समोर सुमारे ३०० प्रेक्षक बसलेले, नाटकाचा प्रयोग सलग चाललेला आणि तीन कॅमेरे एकाच वेळी फिरत असलेले. यासाठी आणला कार्ल फ्रॉइंडला. ‘मेट्रोपोलिस’चा हा छायालेखक, ‘द गुड अर्थ’साठी ऑस्कर मिळालेला. सावल्यांचा हा जादूगार इथे सावल्या पुसायच्या कामाला लागला! त्याने दिवे वर टांगले, प्रकाश सगळीकडे सारखा केला आणि जमीन कॅमेऱ्यांना मोकळी करून दिली. संकलनाच्या यंत्रावर तिन्ही कॅमेऱ्यांच्या फिल्म शेजारी-शेजारी दिसत. त्याला ‘तीन डोक्यांचा राक्षस’ म्हणत. अनेक कॅमेऱ्यांनी फिल्मवर टिपण्याचे प्रयत्न आधीही झाले होते, तेव्हा हा शोध एकट्या देसिलूचा नव्हे. पण प्रेक्षकांसमोरच्या विनोदी मालिकेची घडी बसली ती इथे.

१९५३च्या जानेवारीत ल्यूसिलला मुलगा झाला, त्याच रात्री मालिकेतल्या ल्यूसीलाही. तिच्या बाळंतपणाच्या काळात जुने भाग पुन्हा दाखवले गेले आणि लोकांनी ते आवडीने पाहिले. रद्दीला भाव आला.

मग दोघांनी काय केले? ‘आय लव्ह ल्यूसी’चे हक्क सीबीएसला सुमारे ५० लाख डॉलरना विकले आणि १९५७मध्ये आरकेओचे स्टुडिओ विकत घेतले. याच आरकेओत ल्यूसिल कधीकाळी पगारी नटी होती. १९४०च्या ‘टू मेनी गर्ल्स’च्या वेळी दोघांची भेटही तिथलीच. या सौद्यातला भावनेचा वाटा मला नाकारता येत नाही. पण मालिकेचे १८० भाग पुढे दशकानुदशके चालत राहिले आणि त्यांची कमाई दुसऱ्याची झाली.

देसिलूचे सिनेमे मोजकेच. दोघांचा ‘फॉरेव्हर, डार्लिंग’ (१९५६) तर ‘झानरा’ या नावाखाली निघाला. आर्नाझ उलटे वाचा. खरे बळ टीव्हीतच होते. ‘द अनटचेबल्स’ (१९५९) गाजली, इटालियन वंशाच्या अमेरिकनांच्या निषेधानेही. १९६०मध्ये घटस्फोट झाला. १९६२मध्ये ल्यूसिलने आर्नाझचा हिस्सा घेतला आणि एवढ्या मोठ्या स्टुडिओचा कारभार एका बाईच्या हाती आला. १९६६च्या सप्टेंबरात ‘स्टार ट्रेक’ आणि ‘मिशन : इम्पॉसिबल’ काही दिवसांच्या अंतराने सुरू झाल्या. दोन्ही खर्चिक. ‘स्टार ट्रेक’चा पहिला नमुना-भाग एनबीसी वाहिनीने नाकारला होता, तरी दुसरा काढला गेला. संचालक मंडळ घाबरलेले असताना ल्यूसिल पाठीशी उभी राहिली, असे तिचे तेव्हाचे सहकारी सांगतात.

आणि १९६७मध्ये तिने कंपनी सुमारे १ कोटी ७० लाख डॉलरना गल्फ अँड वेस्टर्नला विकली. त्यांच्याकडे पॅरामाउंट आधीच होते. दोन्ही स्टुडिओ शेजारी-शेजारी. मधली भिंत पाडली गेली. ‘स्टार ट्रेक’ ७९ भागांनंतर १९६९मध्ये बंद पडली आणि लोकप्रिय झाली ती सत्तरच्या दशकात, स्थानिक केंद्रांवरच्या पुनःप्रक्षेपणात. माझ्या लहानपणीच्या त्या रविवारी दिसत होते तेही पुनःप्रक्षेपणच. तोवर निगेटिव्ह पॅरामाउंटकडे जाऊन दीड दशक उलटले होते.